करंजवाडीच्या भिंतीवरील सेवा सलग धरण्याबाबत

प्रति,
मा. अधिकारीसाहेब,
घरोघर ताप-सर्वेक्षण योजना,
जिल्हा कार्यालय, कोल्हापूर.

अर्जदार : फक्रुद्दीन अमीन नदाफ, हंगामी सर्वेक्षण कर्मचारी (सोळा वर्षे), रा. आजरा.

विषय : खंडाच्या दिवशी केलेले काम सेवेत धरून अर्जदारास कायम करणेबाबत.

संदर्भ : आपल्या कार्यालयाची सूचना, दि. १ सप्टेंबर १९७९.

महोदय,

सविनय सादर करतो की, अर्जदार सप्टेंबर १९६३ पासून आपल्या योजनेत आहे. दर पंधरवड्याला वाडीवस्तीवरील प्रत्येक घरी जाणे, कोणास ताप असल्यास बोटाला सुई टोचून काचपट्टीवर रक्त घेणे, गोळ्या देणे, आणि दाराशेजारी भिंतीवर छापलेल्या चौकटीत तारीख घालून सही करणे, असे कामाचे स्वरूप आहे. कामाबद्दल तक्रार नाही. कुत्र्यांबद्दल आहे, परंतु त्यासाठी स्वतंत्र अर्ज करीन.

२. अर्जदार हंगामी असल्याने त्यास दर एकोणनव्वद दिवसांनी एक दिवस नोकरीवरून कमी करतात आणि दुसऱ्या दिवशी नवा माणूस म्हणून पुन्हा घेतात. यास कार्यालयात खंड म्हणतात. अशा रीतीने अर्जदारास आजवर पासष्ट वेळा काढले व चौसष्ट वेळा पुन्हा घेतले आहे. दर वेळी माझी पत्नी अमीरबी विचारते, "या बारीला घेत्यात न्हवं?" आणि दर वेळी मी व्हय म्हणतो.

३. संदर्भीय सूचनेप्रमाणे ज्यांची सेवा सलग तीन वर्षे झाली त्यांना कायम करावयाचे असून उरलेल्यांना महिनाअखेर कमी करावयाचे आहे. आस्थापना लिपिक श्री. कृष्णात यांनी माझी फाईल काढून सांगितले की, नदाफ, तुमची सगळ्यांत लांब सेवा एकोणनव्वद दिवसांची. सोळा वर्षांपूर्वी माझे केस काळे होते, हे फाईलमध्ये नोंदलेले नाही.

४. आता मुद्द्याचे लिहितो. खंडाच्या दिवशी अर्जदार घरी बसला नाही. पंधरवड्याची फेरी चुकली तर मागचा ताप पुढच्या घरी जातो, म्हणून तेव्हाचे निरीक्षक सांगत, "खंड कागदावर असतोय, तू फिरून ये." मी फिरलो. तारखा घातल्या, सह्या केल्या. त्या बहुतेक दिवाळीच्या रंगाखाली गेल्या. मात्र करंजवाडीच्या श्रीमती चिमणाबाई यांनी आपल्या घरची चौकट सरकारी कागद समजून जपली आहे. ती पुसल्यास दंड होतो असा त्यांचा समज असून तो मी मुद्दाम दूर केला नाही. आठ वर्षे त्या तेवढा हातभर तुकडा सोडून भिंत पांढरी करीत आहेत.

५. त्या चौकटीत दि. १४ जून १९७१ ची माझी सही आहे. तो दिवस कार्यालयाच्या दप्तरी खंडाचा आहे. शेजारी तपासणी करणाऱ्या निरीक्षकांची सही व "काम समाधानकारक" असा शेरा आहे. ते निरीक्षक म्हणजे आपणच, साहेब. जो इसम त्या दिवशी नोकरीतच नव्हता त्याचे काम आपणास समाधानकारक वाटले, याबद्दल अर्जदार आपला फार ऋणी आहे. आपण त्या घरी नाचणीची भाकरी व ठेचा घेतल्याचेही बाईंना स्मरते. दप्तराप्रमाणे त्या दिवशी मी कामावरच नव्हतो, हे त्यांच्या कानी घातले, तेव्हा त्या म्हणाल्या, "आलता की! मग भितीवर काय भुतानं लिवलं?" त्यांचे शब्द होते तसेच दिले, क्षमा असावी. भिंत अर्जास जोडता येत नाही. तरी त्यांचा मुलगा गुंडू दिवाळीपूर्वी ती पाडून विटांची बांधणार असल्याने आपण तत्पूर्वी पाहणीस यावे. भाकरीची सोय होईल.

६. यावेळचा खंड मात्र लांबला आहे. दि. १० रोजी कमी केले, आज दहावा दिवस, नवा हुकूम नाही. गोळ्यांचा डबा जमा करून घेतला आहे. तरीही सोमवारी मी करंजवाडीस गेलो. सवय आहे, आणि खरे सांगायचे तर घरी बसून भीती वाटते. तेथे चिमणाबाईंची नात मीना, वय सहा, थंडी वाजून तापाने फणफणलेली होती. माझ्याजवळ गोळी नव्हती. उरलेल्या एका काचपट्टीवर रक्त घेतले व तालुक्याच्या प्रयोगशाळेत नेले. चिठ्ठीवर नोकरीत असलेल्या कर्मचाऱ्याचा क्रमांक लागतो, म्हणून त्यांनी काचपट्टी मला परत केली. दुसरा माणूस वाडीवर अद्याप नेमलेला नाही.

सबब, चौकटीची पाहणी करून माझी सेवा सलग धरावी व मला कायम करावे. या विनंतीचा विचार आपल्या सवडीने झाला तरी चालेल. खालील जोडपत्र क्र. २ बाबत मात्र सवड नाही.

आपल्याच शेऱ्याचा आधार असलेला,
फ. अ. नदाफ
आजरा, दि. १९ सप्टेंबर १९७९

सोबत :
१. चौसष्ट फेरनेमणूक हुकूम, दोरीने बांधून.
२. काचपट्टी एक, कापसात गुंडाळून. मीनाचे रक्त आहे. तपासून गोळ्या आजच्या आज कोणाच्याही हाती, कोणाच्याही क्रमांकावर पाठवाव्यात. अर्ज नंतर वाचला तरी चालेल.