दुसरी बाही

सोमवार, ४ मार्च

पोचले एकदाची. ताईने गाडीत बसवताना ही वही हातात कोंबली आणि बजावलं की रोज चार ओळी तरी लिहायच्या, म्हणजे मनात साचून राहत नाही. ताई माझी मोठी बहीण. तिचं ऐकलं नाही तर ती फोन करकरून जीव नकोसा करते, तेव्हा लिहिलेलं बरं.

हा भाग फार देखणा आहे. एकच रुंद रस्ता, दोन्ही बाजूंना मिळून सात संग्रहालयं, मागे दोन बागा, आणि प्रत्येक इमारतीच्या दारावर तिचं वय लिहिलेली पितळी पाटी. बायका वय लपवतात म्हणे. इथल्या इमारती मिरवतात. माझी खोली बागेच्या तोंडाला आहे. घरमालकीण बाईंनी किल्ली द्यायच्या आधीच सांगून टाकलं की ही वारसा इमारत आहे, भिंतीत खिळा मारायचा तर लेखी अर्ज करावा लागेल. कॅलेंडर खुर्चीला टेकवून ठेवलंय. ते तसं रुसून बसलेलं बघून मला हसू आलं.

हसू आलं हे मुद्दाम लिहून ठेवते. ठमी गेल्यापासून हसले की अपराध्यासारखं वाटतं. माझी लेक, आठ वर्षांची. पुढच्या महिन्यात दोन वर्षं होतील. तिच्या वस्तूंची पेटी पलंगाखाली सरकवली आहे. सगळ्यात वर एका बाहीचा पिवळा स्वेटर आणि सुया. सुया कशाला आणल्या, माझं मलाच ठाऊक नाही.

बुधवार, ६ मार्च

काम आवडलं. आमचं संग्रहालय सातांमध्ये सगळ्यात लहान. त्यात राजेरजवाडे नाहीत, तलवारी नाहीत. साध्या घरांतल्या साध्या वस्तू: चष्मे, गाद्या, बाळांची झबली. मी शिवणकामातली, म्हणून माझ्याकडे कापड. पांढऱ्या फितीवर शाईने नंबर लिहायचा आणि फीत कपड्याच्या आतल्या बाजूला चार सैल टाक्यांनी लावायची. ओढून टाके घातले तर जुनं कापड फाटतं.

दुसरं काम तोंडी नोंदीचं. वस्तू देणाऱ्याने माझ्यासमोर बसून त्या वस्तूची आठवण मोठ्याने सांगायची, मी ती शब्दाला शब्द कार्डावर उतरवायची, मग त्याने खाली सही करायची. सहीशिवाय नंबर पडत नाही. इथल्या प्रमुखांना सगळे मोठ्या बाई म्हणतात. त्यांनी सांगितलं की इथे काम करणाऱ्यानेही महिन्याभरात घरची एक वस्तू द्यायची, ही जुनी रीत आहे. कानकोंडं झाल्यासारखं वाटलं. माझ्याकडे देण्यासारखं काय आहे?

सोमवार, ११ मार्च

आज एक म्हातारे घड्याळजी आले. बायकोच्या चष्म्याची डबी घेऊन. ती वारली त्याला वर्ष झालं. शेवटी तिला दिसेनासं झालं होतं, तरी रोज सकाळी ती डबी उघडून चष्मा लावायची, कारण नाहीतर यांना वाईट वाटलं असतं. हे सांगताना त्यांना इतकं रडू आलं की माझ्या हातातलं कार्ड भिजलं आणि पुन्हा लिहावं लागलं.

सही केली, डोळे पुसले, आणि जाताना जिना उतरताना शीळ वाजवत गेले. मला बरं वाटलं. बोलल्याने माणूस हलका होतो हे ताईचं म्हणणं अगदीच चूक नाही.

गुरुवार, १४ मार्च

तिसऱ्या मजल्यावर खोल्या आहेत. घरातल्यासारख्याच मांडलेल्या, दाराला आडवी दोरी. तिथले रखवालदार, सगळ्यांचे काका, चाळीस वर्षं एकाच खोलीसमोर खुर्ची टाकून बसलेत. आत एक पाळणा आणि एक कंदील. मी विचारलं, इथेच का बसता? म्हणाले, काय की, दुसरीकडे करमत नाही. त्यांनी मला एकच ताकीद दिली, की दोरी ओलांडायची नाही. या खोल्या राहत्या आहेत म्हणे.

थट्टा करताहेत असं वाटलं. पण निघताना पाळण्याची कडी करकरली. खिडक्या बंद होत्या. काकांनी नुसती मान तिकडे वळवली, आपल्याच घरातला आवाज असावा तशी.

मंगळवार, १९ मार्च

घड्याळजी आज तिकीट काढून आले होते, नातवाला घेऊन. चष्म्याच्या डबीपुढे बराच वेळ उभे राहिले आणि मला विचारलं, ही कोणाची हो? मी समजले, चेष्टा आहे. पण त्यांच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. म्हणाले, काय लोक असतात, अशी साधी डबीसुद्धा जपतात.

धावत मोठ्या बाईंकडे गेले. त्यांनी चहा पुढे केला आणि शांतपणे सांगितलं की आठवण माणसापाशी राहिली तर नासते, त्याला कुरतडत राहते. इथे ती चांगली राहते, वाळवीसुद्धा लागत नाही. कोणावर सक्ती नाही. लोक द्यायलाच येतात, त्यांना एवढंच हवं असतं.

घरी येऊन पर्समधली कागदी पट्टी काढली. दवाखान्यात ठमीच्या मनगटाला बांधलेली. दोन वर्षं ती माझ्याजवळ आहे. चौथ्या रात्री ताप उतरल्यासारखा वाटला. मी उशाशी बसून विणत होते, ती विचारत होती दुसरी बाही कधी होणार, मी म्हटलं उद्या. मग पाणी आणायला खाली गेले. पाच मिनिटं. वर आले तर—

एवढीच. एवढी एकच रात्र कोणी माझ्याकडून घेतली तर? बाकी ठमी सगळी माझ्याकडे राहील. हसरी, पायाला भिंगरी लावलेली, आगाऊ.

बुधवार, २० मार्च

दिली. मोठ्या बाईंनी स्वतः लिहून घेतलं. मी सही केली.

गुरुवार, २१ मार्च

काय छान झोप लागली! खिडकीतून बाग दिसतेय, झोपाळे रंगवताहेत. ठमीला दाखवायला हवेत. इथल्या शाळेची चौकशी केली. बागेपलीकडे आहे, फाटक निळं. हाडांच्या संग्रहालयाची दोन तिकिटं काढून ठेवली, एक मोठ्याचं, एक लहानाचं. तिथे छतापर्यंत पोचणारा सांगाडा आहे. बघून बाईसाहेब हजार प्रश्न विचारणार आणि माझ्या नाकी नऊ आणणार.

रविवार, २४ मार्च

दोन ताटं वाढून बसले. ठमी आली नाही. काल रात्रीही आली नव्हती. ताईकडे असेल म्हणून फोन केला, की तिला लवकर पाठव, शाळेत नाव घालायचंय.

ताई रडू लागली. मग तिने सांगितलं.

मी तिच्यावर ओरडले. असलं अभद्र तोंडातून काढतेस कसं, म्हटलं. ती म्हणाली, वही वाच. तुझीच वही वाच.

वाचली.

सोमवार, २५ मार्च

माझी ठमी गेली. मला काल कळलं.

दोन वर्षं झाली असं अक्षर सांगतं, माझंच अक्षर. पण मला काल कळलं. तिच्या जाण्याच्या वेळी मी तिथे नव्हते, आणि आता तर मला ते आठवतसुद्धा नाही, म्हणजे मी दोनदा तिच्याजवळ नव्हते. आठवत होतं तेव्हा निदान तिचा हात माझ्या हातात असल्याचं तरी आठवत असेल. कपाळ गरम होतं की गार? कोणत्या बाजूला खिडकी होती? कार्ड मागायला गेले. मोठ्या बाई म्हणाल्या, नोंद झालेलं परत जात नाही. ओक्साबोक्शी रडले. त्यांनी पाठीवर हात ठेवला आणि म्हणाल्या की अर्धं दिलं की असंच होतं. शेवट देऊन सुरुवात ठेवली, तर शेवट पुन्हा पुन्हा बाहेरून कळत राहणार.

मंगळवार, २६ मार्च

सकाळी उठले आणि क्षणभर विसरले. मग वही दिसली. पुन्हा कळलं.

हे असं रोज सहन होणार नाही.

शाळेचे बूट दिले. डावा नेहमी उलटा घालायची, एवढंच सांगायचं ठरवलं होतं. तोंड उघडलं तर पावसातली शाळा, पडलेला दात, पहिली सही, सगळं भडाभडा बाहेर आलं. थांबवता येईना.

गुरुवार, २८ मार्च

डबा दिला. केसांच्या क्लिपा दिल्या. आता पुरे. कानाला खडा.

तिसऱ्या मजल्यावर पाळण्याच्या खोलीसमोरच्या रिकाम्या खोलीत सुतार काम करतोय. पलंग लावलाय, लहान. काकांना विचारलं, कोणाची खोली? त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच आजारी आहे. मग हळूच म्हणाले की पोरी, उरलेलं घेऊन घरी जा. मी म्हटलं, तुम्ही का नाही गेलात? म्हणाले, कुठे जायचं ते आठवायला नको का?

शनिवार, ३० मार्च

फोटो दिले. काल की आज?

तिचा आवाज कसा होता. घोगरा? ताईला विचारायला फोन उचलला आणि काय विचारायचं ते—

वहीची मागची पानं वाचली. अक्षर माझं. लिहिणारी बाई दुःखी आहे. वाईट वाटलं तिच्याबद्दल. ठमी कोण ते नीट लिहिलंय, वाचताना कळतं, पान उलटलं की जातं.

सोमवार, १ एप्रिल

कोणी ताई म्हणून सारखी फोन करते. गाडीत बसलेय म्हणते. उद्या दुपारी पोचते, तोवर कुठे जाऊ नकोस, पेटीतला स्वेटर कोणाला देऊ नकोस. बिचारी फार रडत होती. मी धीर दिला.

पेटीत विणायच्या सुया होत्या, त्या पर्समध्ये टाकल्या. बाकी एकच वस्तू. लहान मुलाचा स्वेटर, पिवळा, बाही एकच. वीण सुरेख आहे. जिने विणला तिचा जीव होता कोणावर तरी. इतकी चांगली वस्तू माझ्या पलंगाखाली कशी? संग्रहालयात द्यायला हवी.

दिली. सांगायला माझ्याकडे काहीच नव्हतं. पण तोंड उघडलं आणि तासभर कोणीतरी माझ्या आवाजात बोललं. मोठ्या बाईंनी आठ कार्डं लिहिली. मी रडत होते म्हणे.

फीत मीच लावली. चार टाके, सैल.

मंगळवार, २ एप्रिल

मोकळं वाटतंय. हवा छान आहे.

आजपासून तिसऱ्या मजल्यावर बसते. काकांनी खुर्ची लावून दिली, नव्या खोलीसमोर. दुसरीकडे करमत नाही.

दुपार

आत लहान पलंग, बूट, डबा. पिवळा स्वेटर खुंटीला. डावा बूट उजवीकडे ठेवलाय. कोणीतरी सरळ करायला हवा.

आत कोणीतरी आहे. पावलं, एका जागी न ठरणारी. काकांना सांगितलं. काका तोंड फिरवून पाळण्याकडे बघत बसलेत. त्यांचे डोळे भरलेत. म्हणतात, हाका मारतात, लक्ष द्यायचं नाही, ज्यांना हाका मारतात ते ओळखत नाहीत.

आई म्हणतेय. लहान मुलगी आहे. आवाज घोगरा.

कोणाची असेल? आई कशी नाही येत हिची? इतकी कशी विसरते एखादी—

खाली दाराशी कोणी बाई मला भेटायला आलीय, माझ्या नावाने ओरडतेय. नंतर बघू. हिला आधी—

रडत नाहीये, नुसती विचारतेय. पुन्हा पुन्हा तेच. दुसरी बाही कधी होणार?

सुया माझ्या पर्समध्ये आहेत. कशाला ठेवल्या होत्या कोण जाणे. पण विणता तर मला येतं. एका बाहीचं काय मोठंसं काम. दोरीही खाली आहे, सहज ओलांडता येईल. हिची आई येईपर्यंत मी नुसती बसते हिच्याजवळ, आणि सांगते हिला की उद्या नाही गं, आजच, आत्ताच तुझी