हरला की ब्रेक

९ फेब्रुवारी २०२५, रविवार

शुभांगीनं ही डायरी एक जानेवारीला दिली. आज नऊ फेब्रुवारी. इतके दिवस लिहिलं नाही कारण पेन नव्हतं. म्हणजे वाल्मिकचं होतं, पण दुसऱ्याच्या पेननं सुरुवात करणं मला पटत नाही. आज शेवटी वाल्मिकच्याच पेननं लिहितोय.

शुभांगी माझी धाकटी बहीण. श्रीरामपूरला नर्सिंग करते. म्हणाली, रोज एक ओळ लिही, मन थाऱ्यावर राहील. मी रोज दोन पानं लिहायचं ठरवलंय.

सध्याची परिस्थिती. नागापूर एमआयडीसी. कंपनीत कास्टिंग, म्हणजे लोखंडी ओतीव काम येतं, त्याच्या कडा ग्राइंडरनं साफ करायच्या. कंत्राटी कामगार, टोकन नंबर ३१२. खोली लंकाबाईंच्या घराच्या वर. दोन गाद्या, एक खुर्ची, एक पार्टनर. पार्टनर म्हणजे वाल्मिक, पाथर्डीकडचा. दोघं एकाच दिवशी कामाला लागलो, पाच ऑगस्टला.

पाच मार्चला सात महिने भरतात. सात महिने भरले की कंत्राटी माणसाला ब्रेक. ब्रेक म्हणजे गेटवर पास काढून घेतात आणि बोलावू म्हणतात. बोलावल्याचं अजून कुणाच्या ऐकण्यात नाही. आमच्या बॅचला अकरा जण आहेत. चार ठेवणार, सातांना ब्रेक. मी आईला सांगून टाकलंय की चारातला एक मीच. तिनं विचारलं, कुणी सांगितलं. मी म्हणालो, वातावरण तसं आहे.

१० फेब्रुवारी

दमलो. दोन पानं उद्या.

१३ फेब्रुवारी, गुरुवार, दुपारी ४

मोठी गोष्ट कळली. झोप उडाली, तीही दुपारची.

नोटीस बोर्डवर कागद लागलाय. चार मार्चला सुरक्षा दिन. त्यानिमित्त कामगारांसाठी खेळ: स्टॅच्यू, संगीत खुर्ची, रस्सीखेच, लिंबू-चमचा. सर्व कंत्राटी कामगारांनी भाग घ्यावा.

आता योगायोग बघा. शिफ्ट सुटल्यावर आम्ही दोघं मोबाईलवर ती कोरियन सिरीज बघतोय. त्यात गरजू माणसं गोळा करतात, हिरवे कपडे आणि नंबर देतात आणि लहान पोरांचे खेळ खेळायला लावतात. हरला की गोळी. वरती तोंड झाकलेला एक माणूस सगळं चालवत असतो.

आमच्याकडे पर्मनंट लोकांना निळा शर्ट. कंत्राटी लोकांना हिरवा. नंबर आहे. खेळ आहेत. खेळ चार तारखेला, ब्रेक पाच तारखेला. फक्त गोळी नाही.

आणि तोंड झाकलेला माणूस म्हणजे छगन. ठेकेदाराचा सुपरवायझर. त्याला धुळीची अॅलर्जी आहे असं तो सांगतो. नाकातोंडावर मास्क, डोळ्यांना गॉगल, गळ्यात शिट्टी. जेवतोसुद्धा केबिनचं दार लावून. सहा महिन्यांत त्याचा चेहरा कुणी पाहिलेला नाही. जाकिटाच्या आत काहीतरी हिरवं दिसतं. वेषांतर असणार.

वाल्मिकला सगळं समजावून सांगितलं. तो म्हणाला, मला झोप आलीय.

१४ फेब्रुवारी

छगनला सरळ विचारलं, चार जण कसे निवडणार. तो म्हणाला, हजेरी बघतात, बाकी काय बघणार.

मला हसू आलं. खरं असतं तर इतक्या पटकन सांगितलं असतं का?

१७ फेब्रुवारी, सोमवार

तयारीला सुरुवात. आज स्टॅच्यू. ग्राइंडर बंद करून मशीनपाशी पुतळ्यासारखा उभा राहिलो. अकरा मिनिटं. पापणी सोडून काही हललं नाही. छगन समोर येऊन उभा राहिला. मी तरी हललो नाही. त्यानं डायरीत काहीतरी लिहिलं.

म्हणजे निरीक्षण सुरू झालंय.

१८ फेब्रुवारी

केबिनच्या काचेतून मस्टर बघितलं. नावापुढे निळ्या खुणा, अधूनमधून लाल फुली. माझ्यापुढे पाच लाल फुल्या. वाल्मिकची ओळ नुसती निळी. एकही लाल नाही.

त्याला वाईट वाटेल म्हणून सांगितलं नाही.

२० फेब्रुवारी, गुरुवार

त्या सिरीजमध्ये साखरेच्या पातळ चकतीवर आकार असतो, तो न मोडता सुईनं कोरून काढायचा. नोटिशीत नाही, पण अचानक ठेवला तर? लंकाबाईंची कढई घेऊन गूळ वितळवला. गूळ कढईला जो धरला तो सुटेना. म्हणून टपरीवरून चिक्की आणली. तिच्यातून छत्री कोरायला घेतली. तीन सुया मोडल्या. मग दातानं प्रयत्न केला.

दात दुखतोय.

लंकाबाईंनी कढई बघितली. भाड्याच्या वहीत तिची किंमत लिहून ठेवली. ते जास्त वाईट.

२१ फेब्रुवारी

कामावर गेलो नाही. दात. दवाखान्यात नंबर उशिरा लागला, तोवर शेजारच्या माणसाशी ओळख झाली. त्याचा भाऊ सुरतेत आहे. तिथं काम आहे म्हणतो. नंबर घेतला.

नाही. आता फक्त खेळ. सुरत नंतर.

२४ फेब्रुवारी, सोमवार, सकाळी ९

एसटीत आहे. अक्षर हलतंय.

विचार असा केला की सागरगोटे कुणालाच येत नसणार, आणि तोच खेळ आला तर मी एकटा तयार असेन. खरे सागरगोटे राजूरच्या बाजारात मिळतात असं कंपनीतला एक जण म्हणाला. एका दिवसाचं काम. उद्या फर्स्ट शिफ्टला हजर.

२८ फेब्रुवारी, शुक्रवार

परत आलो. मधले दिवस थोडक्यात.

राजूरच्या बाजारात रंगुबाई नावाची म्हातारी भाजी घेऊन बसते. तिच्याकडे सागरगोटे होते, पण विकायचे नव्हते. म्हणाली, खेळून जिंक. एका हातानं वांगी तोलत होती, दुसऱ्या हातानं खेळत होती. मी नऊ वेळा हरलो. शेवटी म्हणाली, "तू वरच्या गोट्याकडंच बघत राहतो बाबा. खालचं उचलायचं कोणी?"

तिला माझी टेक्निक समजली नाही.

येताना अकोले गावात बस चुकली. स्टँडबाहेर बँडवाले टेम्पोत सामान भरत होते. त्यांचा खुळखुळेवाला आला नव्हता. दोन लग्नं केली. खुळखुळ्यात माझा हात चांगला आहे हे कळलं. ते लोक म्हणाले, कायमचा ये. मी सांगितलं, माझं एका ठिकाणी सिलेक्शन चालू आहे.

सागरगोटे मिळाले नाहीत.

१ मार्च

मस्टर बघितलं. लाल फुल्या अकरा. बॅचमध्ये सर्वांत जास्त. दुसऱ्या नंबरला चार आहेत.

काळजी मिटली.

२ मार्च, रविवार

खुर्ची मधे ठेवून संगीत खुर्चीचा सराव. मी मोबाईलवर गाणं लावायचं, बंद करायचं. वाल्मिक गाणं सुरू असतानाच बसला आणि उठेना. म्हणाला, आठवडाभर डबल शिफ्ट मारली, पाय चालत नाहीत. डबल का, तर मी नव्हतो म्हणून माझी मशीन पण त्याच्याकडं होती.

मग खुर्चीत बसूनच त्यानं आईचं सांगितलं. दगडाबाई. दरवर्षी ऊसतोडीला जातात. या हंगामात मोळी उचलताना पाठ धरली, तरी फडातच आहेत. त्यानं त्यांना शब्द दिलाय की चारात लागलो तर पुढच्या वर्षी कोयता हातात घ्यायचा नाही.

बराच वेळ गाणं लावलं नाही.

त्या सिरीजमध्ये एक भाग असा आहे की जोडीदार निवडायला सांगतात. सगळे आपापला जिवलग घेतात. मग कळतं की खेळायचं त्याच्याच विरुद्ध आहे. तो भाग आम्ही कालच बघितला. वाल्मिक मधेच झोपला होता. मी पूर्ण बघितला.

गेम इज गेम. आईला मीही शब्द दिलाय.

४ मार्च, मंगळवार, संध्याकाळी ६

सविस्तर लिहितो, पुढं उपयोगी पडेल.

स्टॅच्यू. शिट्टी वाजली की पळायचं, थांबली की पुतळा. मी सुरुवातीपासून पुतळा. नाकावर माशी बसली, हललो नाही. बाकीचे कधी रेषेपार गेले, खेळ कधी संपला, कळलं नाही. छगन येऊन म्हणाला, चहा संपत आलाय. निकाल: एकही पाऊल पुढं न टाकल्यामुळे बाद. हा नियम आधी सांगितला नव्हता.

संगीत खुर्ची. गाणं चांगलं होतं, ऐकत राहिलो. बाद.

रस्सीखेच. हिरवे विरुद्ध निळे. मी आमच्या लोकांना सिरीजमधली युक्ती शिकवली होती: मी इशारा दिला की सगळ्यांनी एकदम तीन पावलं पुढं जायचं, समोरचे उताणे पडतात. इशारा दिला. आम्ही तीन पावलं पुढं गेलो. उरलेली निळ्यांनी नेली.

लिंबू-चमचा. हा शेवटचा. वाल्मिक माझ्या शेजारच्या रांगेत. अर्ध्यापर्यंत आम्ही बरोबरीला होतो. त्याच्याकडं बघितलं. चमचा दातात धरून, डोळे लिंबावर लावून असा चालला होता जसं काही त्या लिंबावर घर उभं आहे.

माझं लिंबू पडलं. पडलं म्हणजे मी पाडलं. आधी शिंक आली हे खरं आहे, पण निर्णय शिंकेच्या आधीचा होता.

वाल्मिक पहिला आला. बक्षीस पाण्याची बाटली.

मला बरं वाटतंय. हे कुणाला सांगणार नाही. डबा लॉकरमध्ये विसरलो.

५ मार्च, बुधवार

गेटवर वॉचमननं पास मागितला. मी दाखवला. त्यानं परत दिला नाही. आम्ही सात जण बाजूला. चार आत गेले. वाल्मिक आत गेल्यावर वळून बघत थांबला, मागच्यांनी ढकलला तेव्हा हलला.

अपेक्षितच होतं. लिंबाचा परिणाम.

तरी फुल्यांचं काय झालं म्हणून छगनला बाहेर बोलावलं. म्हणालो, माझ्या अकरा लाल होत्या. त्यानं मास्क नाकावर नीट ओढला.

"लाल म्हणजे गैरहजर, प्रवीण. दुसरं काय असतंय?"

मी म्हणालो, हो, तेच.

मग तो जरा खालच्या आवाजात म्हणाला, "हात चांगला हाय तुझा. मी वर तसं सांगितलं पण हुतं. पण हात रोज यायला पाहिजे ना."

वाल्मिकची ओळ नुसती निळी होती. म्हणजे लिंबू पाडायची गरज नव्हती असं कुणी म्हणू शकेल. मी म्हणत नाही.

लिंबाचं कुणालाही सांगितलेलं नाही. लंकाबाई, टपरीवाला आणि त्या सहा जणांना सोडून.

७ मार्च

आईचा फोन. सांगितलं की मित्रासाठी जागा सोडली. मग लिंबाचं सांगितलं. शेवटी शिंकेचंही सांगून टाकलं. का ते माहीत नाही.

तिनं विचारलं, किती महिने झाले. सात म्हणालो.

"गॅरेजात तीन आठवडं हुता. सुरतेच्या टेम्पोवर नऊ दिस," आई म्हणाली. "सात महिनं तू ह्याआदी कुठंच टिकला न्हवतास रं." आणि रागावलीच नाही.

रागावली असती तर उत्तर तयार होतं.

शुभांगी घरी आली होती, तिनं मागून ओरडून विचारलं, डायरी लिहितोस का. रोज दोन पानं, म्हणालो.

१० मार्च, सोमवार, सकाळी ११

वाल्मिक फर्स्ट शिफ्टला. जाताना पोहे झाकून ठेवून गेला. खोलीत बोलायला कुणी नाही. सिरीजही संपली.

पुढचा प्लॅन पक्का. पर्याय एक, सुरत. दोन, बँड. तीन, पुन्हा कंपनी. तिसऱ्याची शक्यता सर्वांत जास्त वाटते. त्यांनी अजून माझा डबा परत केलेला नाही. ज्याला बोलवायचंच नाही त्याचा डबा कोण ठेवून घेईल? बहुतेक बाहेर काढलेल्यांवर अजून लक्ष आहे आणि खरी निवड आता होणार आहे.

सव्वाअकरा. लंकाबाई खालून हाक मारतायत. कुणीतरी माणूस आलाय, कंपनीतला, डबा घेऊन.

बरोबर ओळखलं होतं.

गॅलरीतून बघून आलो. माणूस ओळखीचा नाही. चाळिशीचा, मिशीवाला, गालावर मास्कच्या दोरीचे वळ. आमच्यासारखाच हिरवा शर्ट. हातात दोन डबे, एक माझा. वर बघून बोलला तेव्हा आवाजावरून कळलं.

मी विचारलं, बोलावलंय का मला. तो म्हणाला, ठेका दुसऱ्याला गेला, सकाळी गेटवर त्याचाही पास काढून घेतला. दुसरा डबा त्याचा. अजून उघडलेला नाही.

मग इकडंतिकडं बघून म्हणाला, "आत्ता घरी गेलो तर बायको इचारल. शिफ्ट सुटस्तोवर बसू का इथं?"

मी वर ये म्हणालो.

छगन जिना चढतोय. खोलीत खुर्ची एकच आहे.