मच्छिंद्र, त्र्याण्णव नाबाद

जानकूमामा,

पण मी म्हणतो, कावळ्याला माझ्या नावानं शब्द द्यायची तुम्हाला काय घाई होती? (नमस्कार राहिला, तो इथं घ्या. मामीची कंबर आणि तुमची मेंढरं बरी असतील. मी इकडं मोरबीत टाइल्सच्या भट्टीजवळ आहे, बरा आहे की भाजलोय ते तुम्हीच ठरवा.)

मच्छिंद्रदादाच्या दहाव्याला कावळा शिवेना. आईनं मासवडी ठेवली, नाय. तुम्ही "तुझ्या बानू मेंढीला सांभाळू" म्हणालात, तरी नाय. मग तुम्हीच ओरडलात, "मच्छिंद्रा, तुझा गेमचा डबा ऋतिक जपंल, जा आता बाबा!" आणि ते पाखरू लगेच खाली, जसं काय माझ्या सहीसाठीच थांबलं होतं.

आता जपणं काय असतं ते ऐका. दादानं टीव्हीला जोडायच्या त्या डब्यात क्रिकेटची टीम केलेली, सगळी आपल्या डिंगोऱ्यातल्या माणसांची. आई विकेटकीपर. तुम्ही बारावे, पाणी न्यायला (रागावू नका, गेलेल्या माणसानं ठेवलंय). स्वतः ओपनिंगला. दवाखान्यात नेला तेव्हा मॅच अर्धी राहिली, ती तशीच आत आहे: मच्छिंद्र, त्र्याण्णव नाबाद. आई रोज दिवा लावला की डबा चालू करून तेवढी धावांची पाटी बघायची आणि बंद करायची. दिवाळीत मी घरी असताना व्होल्टेज चढलं आणि डबा गेला.

इथल्या रिपेरीवाल्याला विचारलं. म्हणे, कंपनीनं हा डबा बनवायचाच सोडला. मॅच ज्या आतल्या तबकडीवर साठलीय, ती दुसऱ्या डब्यात चालत नाय, कंपनीचं कुलूप आहे. कुलूप तोडून नक्कल निघंल, पण तो गुन्हा, हक्क कंपनीचा. (हे सांगताना तो स्वतः चोरून उतरवलेला पिक्चर बघत होता.) मग सुपरवायझरकडून कंपनीला इंग्रजीत मेल लिहून घेतला. उत्तर आलं: तो गेम आता विकत नाही, दुरुस्ती करत नाही, नक्कल करू देत नाही, नवीन घ्यावा. नवीन गेममध्ये विकेटकीपर आई कुठून आणू? मामा, आपल्यात मेंढरू मेलं तर कातडं मालकाचं. इथं पैसे दादानं मोजले, मेलाही दादाच, आणि कातडं कंपनीचं.

तुमचा भाचा,
ऋतिक

ता.क. पिंपरी पेंढारला बाळासाहेबांच्या माळ्यावर तसलाच डबा पडून आहे. तो घ्या आणि ओतूरला नेऊन त्याचा फक्त विजेचा भाग आपल्या डब्यात बसवून घ्या. तबकडीला कुणी हात लावायचा नाय. कुलूप तुटत नाय, म्हणजे गुन्हाही नाय.

आणखी एक ता.क. हे आईला वाचून दाखवू नका. व्होल्टेज चढलं नव्हतं. आई दळणाला गेली होती, मला वाटलं सातच धावा पाहिजेत, दादाचे शंभर करून देऊ. पहिल्याच चेंडूला झेल उडाला. चेंडू खाली यायच्या आत मी भिंतीतली वायर उपटली, तेव्हा आत ठिणगी पडली. डबा चालू झाला की पहिली पाटी तुम्ही एकट्यानं बघा. तो अजून खेळत असला, तरच आईला बोलवा. नायतर डबा दुरुस्त झालाच नाय म्हणून सांगा. बाळासाहेबांचे आणि रिपेरीचे धरून तीन हजार चारशे पाठवतोय.