अनूचं शेत

४ फेब्रु.
अनूचा मेसेज. दोन महिन्यांनी. कसा आहेस, काय नाही, सरळ: "माझा गेम हाय का तुझ्या फोनात? मी नवा फोन घेतलाय. फाईल पाठव."
"हाय की" म्हणालो. झक मारली.
नाही. कॉलेज सोडलं त्या दिवशी रागात तिच्या सेव्हवर नवा गेम सेव्ह केला. एका बोटाचं काम. कँटीनमध्ये वर्षभर माझ्या फोनवर खेळलेली, सगळं गेलं.

५ फेब्रु.
ठरलं. पहिल्यापासून खेळायचं, तिच्यासारखं. टीव्हीला जोडायचा तो जुना शेतीचा गेम, आता फोनवर चालतो. तिची गेममधली दोन वर्षं झालेली. विहिरीला लागून टोमॅटो. बैलाचं नाव सम्या, म्हणजे मी. "हाकलायला बरं पडतं," म्हणायची.
तेच ठेवलं.

७ फेब्रु.
बाबांच्या पिठाच्या गिरणीत फोनच्या काचेवर पीठ बसतं, बोट घसरतं. खेळता खेळता नाचणीच्या मागं तसेच शेजारच्या काकूंचे गहू ओतले. काकू: "चपाती काळी झाली तर तुझ्या बाला खायला घालीन." बाबा: "फोनात शेती करतंय. खऱ्या शेतात पाठवलं तर रडंल."
 डबा आपटला.

१० फेब्रु.
चुकलं की मी जुन्या सेव्हवर मागं जातो. अनू कधीच जायची नाही. पीक मेलं तर मेलं. म्हणून माझं शेत फार स्वच्छ झालंय, तिला कळणार. मुद्दाम चार रोपं वाळवली. वाळताना बघत बसलो, येड्यासारखा.

११ फेब्रु.
"कधी पाठवतोस?" उद्या, म्हणालो. तिसऱ्यांदा.
कॉलेजातल्या त्या शेवटच्या दिवशी तिला चिडवणाऱ्या पोराला हाणलं, सोडवायला आलेल्या सरांनाही ढकललं. वाटलं, ही तरी माझ्या बाजूनं... ती म्हणाली, "मी सांगितलं होतं का तुला?" त्यानंतर कॉलेजात गेलोच नाही.

१५ फेब्रु.
गेममधली दोन वर्षं पुरी. शेत जवळजवळ तसंच. बाकीचं आठवत नाही. शेजारी बसून मी तिच्याकडंच बघायचो, गेमकडं कुठं.

१६ फेब्रु.
आधी शेताचा फोटो पाठवला. लगेच: "हे माझं न्हाय."
सांगितलं सगळं. पुसलं ते पण.
दुपारी तिचा मेसेज. "एवढं सगळं तू खेळलास?"
व्हय.
"आधी सांगायचं होतंस की."
चिडून म्हणाली का कसं, कळत नाही. फाईल पाठव म्हणाली नाही, नको पण म्हणाली नाही. गेममध्ये सकाळ झालीय, टोमॅटोला पाणी घालायचं राहिलंय. मी घालू, का तिच्यासाठी तसंच ठेवू?