एकाच बाजूचं गलबत

वेसावे,
श्रावण, १९८६

प्रिय जया,

पाकिटावरचं अक्षर बघून तू दचकली असशील. चार वर्षांत एक ओळ नाही आणि आता एकदम इतकी पानं. घाबरू नकोस, घरी सगळं ठीक आहे. बाचा गुडघा दुखतो, पण तो तू इथे असतानाही दुखायचा, विशेषतः बाजारात जायचं असलं की. पत्ता शेवंतीमावशीने दिला. तिची लेक कांजूरमार्गला दिलीय. तिच्याकडे जाता-येता मावशी भांडुपला तुझ्या घरी डोकावते, हे मला केव्हापासून ठाऊक आहे. इथली मासळी तिकडे आणि तिकडच्या बातम्या इकडे, दोन्ही ताज्या पोचवते बाई.

तर बातमी अशी, की आपल्या किनाऱ्यावर गलबत उभं आहे. थट्टा नाही. जुन्या काळच्या आरमारात असायचं तसं, अगदी तेवढंच मोठं, दोन डोलकाठ्यांचं. आळीच्या तोंडाशी आलं की कौलांच्या वर त्याची टोकं दिसतात. रविवारी अंधेरीहून लोक पोराबाळांना घेऊन बघायला येतात, भेळवाल्याने तर तिथेच ठाण मांडलंय. आणि हे सगळं आपल्या बाने बांधलंय.

झालं असं, की दिवाळीनंतर सिनेमावाले आले. त्यांचा सेट लावणारा चंद्रप्रकाश म्हणून एक तरुण आहे, उत्तरेकडचा, गोड बोलतो. त्याने बासमोर एक मोठं चित्र उलगडलं आणि सांगितलं, हे हुबेहूब हवं, पण कॅमेऱ्याकडची एक बाजू केली की पुरे, मागे बांबूचा टेकू द्या. तोफा प्लास्टरच्या. पाण्यात जायचंच नाही, वाळूवर उभं राहायचं.

मला वाटलं, बा त्याला चहा पाजून वाटेला लावील. कारण तुला हे कुणी सांगितलं नसेल, तू गेल्यापासून बाने एकही नवी होडी बांधलेली नाही. नुसती दुरुस्ती. या होडीची फळी बदल, त्या होडीचं सुकाणू बसव. गिऱ्हाईक नव्या होडीचं बोललं की गुडघा पुढे करायचा. सगळा कोळीवाडा म्हणायचा, धर्मा थकला. मीही तेच म्हणायचो. आणि या खोट्या गलबताला मात्र त्याने एका दमात हो म्हटलं. मी म्हटलं, म्हाताऱ्याला नट्या बघायची हौस आलीय.

आठवतं का गं, आय गेली तेव्हा तू सहा वर्षांची होतीस. त्यानंतरची पहिली होडी तयार झाली, आणि आपल्या घरची रीत तर अशी, की घरच्या लेकीने नाळेला हळदकुंकू लावून खणानारळाने ओटी भरल्याशिवाय होडी पाण्याला लागत नाही. बाने तुला उचलून धरलं. तुझा हात पोचेना, तर होडीचं ते पुढचं उंच टोक तुझ्यासाठी वाकेल की काय अशा नजरेने तू त्याच्याकडे बघत होतीस. हळद निम्मी नाळेला, निम्मी बाच्या टकलाला. त्यानंतरची प्रत्येक होडी तुझ्याच हातून पाण्यात गेली. नैवेद्याचा उरलेला गूळ मला द्यायचास, तोही चाखून. अजून तुझा राग येतो त्यासाठी.

काम सुरू झालं आणि आठवड्याभरात त्या चंद्रप्रकाशची वाट लागली. बाने कॅमेऱ्याकडची बाजू झकास उभी केली, आणि मग कुणाला न विचारता दुसरी घेतली. चंद्रप्रकाश हात जोडून सांगतोय, काका, ये साइड किसीको नहीं दिखेगी, आणि बा वर न बघता म्हणतो, “मना अर्धी होरी बांधाला येत नाय.” पुढे तर फळ्यांच्या फटींत कापूस ठासून वर राळ चढवायला लागला. वाळूवर उभ्या राहणाऱ्या गलबताला, जया. मी म्हटलं, बा, हे पाण्यात जायचं नाही. तो म्हणाला, “हाताना कोन सांगील?” आणि ठासत राहिला.

मुहूर्ताच्या दिवशी सिनेमाची नायिका आली. सगळी आळी लोटली होती. चंद्रप्रकाशने तिच्या हातात नारळ दिला, गलबताच्या नाळेवर फोडायला, आणि बा मध्ये जाऊन उभा राहिला. “नाय. पयली ओटी घरचे पोरीची.” आपल्या माणसांनी माना खाली घातल्या, कारण चार वर्षांत त्याच्यासमोर तुझं नाव कुणी काढलेलं नव्हतं. तू कोळीवाडा सोडून कोकणातल्या गिरणीकामगाराच्या पोराशी, नंदूशी, लग्न केलंस, त्या दिवसापासून बाच्या तोंडून तुझ्याबद्दल एक शब्द नाही. चंद्रप्रकाशला बिचाऱ्याला यातलं काय ठाऊक. त्याने सरळ विचारलं, काका, आपकी बेटी है? मी डोळे मिटून घेतले. आणि बा म्हणाला, “हाय ना. भांडुपला हाय.”

नायिकेने नारळ बाजूच्या दगडावर फोडला, त्यांचं काम चालू झालं. मी मात्र तिथेच वाळूत बसलो. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. चार वर्षं म्हातारा थकलेला नव्हता. नवी होडी बांधली असती तर ओटी भरायला कुणाला बोलावणार होता? खोट्या गलबताला ओटी लागत नाही म्हणून त्याने ते घेतलं, आणि हात ऐकेनात म्हणून ते खरं होऊन बसलं.

पावसाळ्याआधी शूटिंग संपलं. ते लोक गलबत मोडायला निघाले होते, पण चंद्रप्रकाशने साहेबांकडे शब्द टाकला आणि ते बालाच दिलं. पावसात आम्ही त्याला माडाचे झाप बांधून ठेवलंय. नारळी पुनवेच्या दुपारच्या भरतीला ते पाण्यात ढकलायचं, मढपर्यंत एक फेरी मारायची, आणि मग त्याच लाकडातून मासेमारीच्या दोन होड्या काढायच्या, असं बाच्या मनात आहे. पण परवा सगळ्या आळीसमोर त्याने सांगून टाकलं, की ओटी भरली नाही तर ते आहे तिथेच राहील, कुजलं तर कुजू दे. कुणाकडून भरून घ्यायची, ते बोलला नाही. तुला निरोपही दिला नाही. आपला बा आहे तो, त्याच्या तोंडून निरोप निघायचा नाही.

मीही हे पत्र लिहिलं नसतं. पण काल संध्याकाळी गेलो तर तो नाळेशी काहीतरी ठोकत बसला होता. बघतो तर लाकडाच्या रुंद पायऱ्या, चांगल्या घासून गुळगुळीत केलेल्या. पायऱ्या मी समजू शकलो, तू उंचीने काही फार वाढली नाहीस. पण दोन्ही बाजूंना त्याने कठडाही बसवला होता. मी म्हटलं, बा, एवढ्याशा पायऱ्यांना कठडा कशाला? तर खिळे तोंडात धरूनच म्हणाला, “पोटुशी हाय ती. धराला नको?” म्हणजे मावशी माझ्या कानात कुजबुजायची त्या बातम्या तोही ऐकत होता, झोपेचं सोंग घेऊन, भिंतीकडे तोंड करून. तर जया, पुनवेला ये. नंदूलाही आण, दोर ओढायला माणसं कमी पडतायत, आणि हे मी नाही म्हणत, बाने आज मोजून सांगितलं तेव्हा त्यात एक माणूस जास्त धरला होता. मी विचारलं नाही कोण. गूळ मीच आणून ठेवतो, या वेळी न चाखता मला दे.

तुझी वाट बघणारा,
तुझाच दादूस
लहू