तीन नावांतलं एक

१२ एप्रिल २०२५

आईचं लग्नाआधीचं नाव काय? — होणाऱ्या नवऱ्याच्या, अमरदीपच्या आत्यानं आज सहज विचारलं, आणि मला सांगता येईना! तिचं माहेरचं आडनाव माहीत आहे, गाव माहीत आहे. नाव नाही. सासरी आली तेव्हा रुपाबाई ठेवलं, तेच आम्हाला ठाऊक. आणि मी घरातली पहिली पदवीधर!

१३ एप्रिल

आईलाच विचारलं. पोळपाटावरून मान वर न करता म्हणाली, "काहून? त्या नावानं हाक मारनारं कोन राह्यलं आता?"

सांगितलं नाहीच.

१५ एप्रिल

विश्वासच बसत नाही. अमरदीपनं व्हॉट्सॲपवर तीन नावं पाठवली — अन्विता, आराध्या, अमृता. लग्नात माझं नाव बदलायचं, त्यातलं एक निवड म्हणे! आठ मार्चला आमच्या कॉलेजात बाईच्या ओळखीवर बोलला तो हाच. ते भाषण ऐकलं म्हणून तर मी या स्थळाला हो म्हटलं!

फोन केला. तो हसत म्हणाला, "अगं, जबरदस्ती कुठं करतोय? तुझी चॉईस आहे. स्त्रीवाद म्हणजे तेच ना?"

"मग निता हीच माझी चॉईस."

"या तिन्हींतलं गं. घरच्यांचं मनही राखावं लागतं."

फोन ठेवला. चॉईस — हा तर माझा शब्द!

१६ एप्रिल

मैत्रिणीला, रंजीताला सांगितलं. पथनाट्यात आम्ही दोघी घसा फुटेपर्यंत घोषणा द्यायचो. मागच्या वर्षी लग्नात तिची ईश्वरी झाली. "मी स्वतः निवडलं गं. तू उगाच ताणतेस." तिचं निवडणं खोटं, असं म्हणणारी मी कोण? पण मग माझं नको म्हणणं कुठं ठेवू?

१८ एप्रिल

बाबा पत्रिका छापायला निघाले होते. "कंसात नवरीचं कोनतं नाव टाकू? सांग बापा लवकर." तेवढ्यात अमरदीपच आला.

मीही तीन नावं काढून ठेवली होती — नितीन, निलेश, निनाद. म्हटलं, निवड.

तो हसला. मी हसत नाही हे पाहून भडकला — "मानसाचं नाव बदलते का कुठं? माही काही ओळख हाये का नाही!" माझ्याशी कायम पुस्तकी बोलणारा, पहिल्यांदाच वऱ्हाडीत!

आई चहा घेऊन दारात. रागावली मलाच — "होनारा जावई हाये तो! मले त कोनं इचारलंबी नव्हतं. तुले तीन-तीन देऊन राह्यला!"

तो खूश. "बघ, आईंना कळतं. नाव बदलून त्यांचं काय अडलं?"

आई त्याच्याकडे बघतच राहिली. चहा दिला नाही. कप तसाच परत नेला.

१९ एप्रिल

सकाळी कणीक मळता मळता आई म्हणाली, "गोकर्णा."

मला कळायलाच वेळ लागला.

"सासू म्हने, अवघड नाव हाये, हाक माराले जड जाते." मग पाणी घातलं, मळत राहिली. रडले मी. ती नाही.

२१ एप्रिल

त्याच्या गावी, मालेगावला जाऊन साखरपुड्याची अंगठी अमरदीपच्या हातात ठेवून आले. लग्न मोडलं. जाताना एसटीत आई शेजारी बसली होती. अंगठी तिच्याच पदराच्या गाठीत होती.