फळ्या लावल्याशिवाय उतरायचं नाही

प्रिय बाबा,

आधीच सांगते, मी चिडलेय. मागे गेममध्ये तू न सांगता माझी पाण्याची बादली घेऊन गेलास आणि मी लाव्हाच्या काठावर रिकाम्या हाताने उभी राहिले, तेव्हा चिडले होते, त्याच्या दहापट. आणि हे मुद्दाम मराठीत लिहितेय. इंग्रजीत लिहिलं असतं तर नेहमीसारखा चष्मा कपाळावर चढवून म्हणाला असतास, ‘मुकादम, जरा वाचून दाखव बघू काय म्हणतायत.’ हे मला वाचून दाखवायचं नाहीये. तू एकट्याने वाच. अक्षर कोंबडीच्या पायासारखं आहे म्हणून हसायचं तर हस, पण शेवटपर्यंत वाच.

आठवतंय ना, आपला गेम कसा सुरू झाला? तू पाइपलाइनच्या कामावरून यायचास आणि बूट काढता काढताच सोफ्यावर झोपायचास. आई म्हणायची, उठवू नको त्याला, खड्ड्यातून आलाय. मग एका रविवारी मी तुझ्या हातात दुसरा कंट्रोलर दिला, ज्याला तू अजून रिमोट म्हणतोस. पहिला नियम सांगितला, पायाखाली सरळ खणायचं नाही. तू म्हणालास, वीस वर्षं लोकांकडून खोदकाम करून घेतोय, आता नववीतली पोरगी मला खणायला शिकवणार! चौथ्या मिनिटाला लाव्हात. होतं नव्हतं ते सगळं सामान जळून खाक. त्यानंतर तू काय काय करून मेलास बाबा! कड्यावरून पडलास, पाण्याखाली रस्ता चुकलास, मऊ बर्फात रुतून गोठलास, बरोबर भाकरीचा तुकडा न घेता वाळवंटात गेलास. एकदा तर निवडुंगाला टेकून मेलास. निवडुंगाला कोण टेकतं? आई स्वयंपाकघरातून म्हणाली, घरात दाराला टेकून उभा राहतो ना, तसाच राहिला असेल.

पण एवढ्या वेळा मरून तुला राग कधीच आला नाही. राग आला तो एकदाच. तू एका टेकडीच्या पोटातले ठोकळे काढलेस आणि वरची माती तशीच हवेत राहिली. तू थांबलास. अजून चार ठोकळे काढलेस. तरी तशीच. मी म्हटलं, अरे या गेममध्ये फक्त वाळू आणि खडी पडते, माती नाही पडत. तू रिमोट खाली ठेवलास आणि असा भडकलास की मला हसू आवरेना. हा गेम बनवणारा कधी खड्ड्यात उतरलाय का, म्हणालास. वाळू बिचारी आधी घसरून दाखवते, माती मात्र शहाण्यासारखी गप्प उभी राहते आणि मग एकदम अंगावर येते. लिही त्यांना पत्र, म्हणालास. मी खरंच लिहिलं होतं. त्यांचं उत्तर नाही आलं.

मग तू काय केलंस? आपल्या सगळ्या खाणीला दोन्ही बाजूंनी फळ्या ठोकल्यास. दर तीन ठोकळ्यांवर आडवा टेकू. अख्खं जंगल मला तोडायला लावलंस. मी शंभरदा सांगितलं की गरज नाही, माती पडत नाही, लाकूड फुकट जातंय. तू म्हणालास, गेम खोटा असला म्हणून सवय का खोटी करायची? आणि खाणीच्या तोंडाशी मला पाटी लिहायला लावलीस, कारण तू एका बोटाने टाइप करेपर्यंत उजाडलं असतं: फळ्या लावल्याशिवाय उतरायचं नाही. माझ्या मैत्रिणी आपल्या जगात आल्या की ती पाटी बघून हसायच्या. मीही हसायचे. पण मग त्यांना सांगायचे, माझ्या बाबाचं कामच ते आहे, त्याच्या खड्ड्यात आजवर कुणाला खरचटलंसुद्धा नाही.

गेल्या महिन्यात तू मनगटाला प्लॅस्टर घालून घरी आलास. साइटवरच्या जिन्यावरून घसरलो, म्हणालास. आम्ही मानलं. तू कधी खोटं बोलत नाहीस, मग का नाही मानणार? फक्त आई कापसाने तुझे कान पुसत होती आणि कापूस सारखा तपकिरी होत होता. ती म्हणाली, जिन्यावरून पडला की कानाने खणत होता? तू हसलास. आम्हीही हसलो. किती बावळट आहोत आपण सगळे!

मग तो रविवार. दुपारी तू एका हाताने खेळत होतास, प्लॅस्टरमधून बाहेर आलेल्या अंगठ्याने कसंबसं. खाणीच्या छतातून खडी कोसळली, तुझ्या डोक्यावर आली आणि स्क्रीन काळी झाली. मी ओरडले, खण, बाबा, खण, नाहीतर गुदमरशील. तू रिमोट टाकलास. उठून खिडकी उघडलीस. मग गॅलरीचं दार उघडलंस, मग बाहेरचंसुद्धा. उकडतंय, म्हणालास. बाहेर लोक स्वेटर घालून फिरत होते. तेव्हापासून तू एकदाही जमिनीखाली गेला नाहीस. गहू लावतोस. मेंढ्यांना कुंपण घालतोस. आपल्या गाढवाला चारतोस, ज्याचं नाव तू तुझ्या साइटवरच्या पैलवानावरून ठेवलंयस. मला वाटलं, बाबाला शेवटी शेती आवडायला लागली. मी खूश होऊन तुला भोपळ्याचं बीसुद्धा आणून दिलं.

गुरुवारी तू प्लॅस्टर काढायला गेला होतास तेव्हा पैलवानाची बायको आली होती. तुला ते आईने सांगितलेलं नाही. मी टेबलावर गणितं करत होते, आणि मोठ्या माणसांना वाटतं की गणितं करणाऱ्यांना कान नसतात. तिने सगळं सांगितलं. दीड पुरुष खोल चर. फळ्या ट्रकमध्येच होत्या, बाबा! वीस पावलांवर! तुमचा तो इंजिनियर म्हणाला की दुपारपर्यंत पाइप जोडून हवाय, फळ्या ठोकायला अर्धा दिवस जाईल. तू नाही म्हणालास. तो म्हणाला, मग दुसरा सुपरवायझर आणतो, उतरवणारे खूप मिळतात. आणि तू उतरलास. पोरांना उतरवण्यापेक्षा आपणच उतरू, असं म्हणालास म्हणे. मग पैलवान तुझ्या मागोमाग. अकरा वर्षं तुझ्याबरोबर काम करतोय, तुला एकट्याला कसा उतरू देईल? आणि तो नावाचाच पैलवान, वारा आला की धरून ठेवावं लागतं असं तूच म्हणायचास, काडी आहे रे काडी. माती आली तेव्हा तू गळ्यापर्यंत होतास. तो पूर्ण.

तुला ओढून काढल्यावर तू मोडलेल्या मनगटाने त्याला उकरलंस, हेही तिनेच सांगितलं. तो अजून दवाखान्यात आहे, कंबरेचं हाड मोडलंय, कुशीवर वळायलासुद्धा दोन माणसं लागतात. आणि तुझ्याबद्दल ती एक शब्द वाकडा बोलली नाही. साहेबांनी माझा माणूस परत आणला, म्हणाली. मला वाटलं, ओरड ना, भांड ना! तिच्याऐवजी मीच ओरडले असते.

म्हणजे जिथे माती पडतच नाही तिथे फळ्या, आणि जिथे पडते तिथे अर्धा दिवस जाईल म्हणून नाही? माझं अख्खं जंगल तोडायला लावलंस आणि ट्रकमधून चार फळ्या उतरवता आल्या नाहीत? तो इंजिनियर उतरला होता का खाली? त्याचे बूट तरी मळले होते का? मला त्याचा इतका राग येतो की दात दुखतात. आणि तुझा येतो तो वेगळा. तुझ्यावर रागावताना मध्येच मला तू गळ्यापर्यंत मातीत दिसतोस, आणि मग धड रागावतासुद्धा येत नाही.

पण आज नीट रागावणार आहे. चौथीपासून घरात येणारा इंग्रजीतला प्रत्येक कागद तू मला वाचायला दिलास. विजेचं बिल, विम्याची पत्रं, वॉशिंग मशीनची पुस्तिका, माझ्याच शाळेतून माझ्याविरुद्ध आलेली तक्रारसुद्धा. एकच कागद दिला नाहीस. शुक्रवारी कंपनीचा माणूस खाली येऊन निळी फाइल देऊन गेला, ती तू कपाटात स्वेटरच्या खाली ठेवलीस. मी माझं स्वेटर काढायला गेले होते, शपथ. त्याने तुला काय सांगितलं मला माहीत नाही. त्यात लिहिलंय ते असं: चराला नियमाप्रमाणे फळ्या लावलेल्या होत्या, त्या कामगाराने बजावूनही स्वतःच काढल्या, आणि सुपरवायझर म्हणून मी हे डोळ्यांनी पाहिलं. कामगार म्हणजे पैलवान. खाली तुझं नाव टाइप केलंय आणि सही जिथे करायची तिथे पेन्सिलने फुली मारलीय. शेजारी लिहिलंय, सही करून ऑफिसात आणणे, सोमवारी, सकाळी दहा वाजता. रजेचा अर्ज आहे असं सांगितलं असेल, तर त्याने तुला फसवलं. खरं सांगितलं असेल, तर बाबा, पुढे काय लिहायचं ते मला सुचत नाहीये.

तर आज सोमवार आहे, तू फाइल उघडलीस आणि त्या कागदाच्या जागी तुला हे सापडलंय. तो कागद माझ्याकडे आहे. फाडलेला नाही, चुरगळलेलासुद्धा नाही. मी शाळेत गेले नाहीये, आईला माहितीये. आतल्या खोलीत बसलेय. ये आणि माग, लगेच देईन. पण देण्याआधी एकच विचारीन, चराला फळ्या होत्या का? माझ्याकडे बघून ‘होत्या’ म्हण. म्हणालास, तर पेनसुद्धा मीच देते.

तुझीच, दार उघडं ठेवून बसलेली,
मुकादम